श्वास रोखण्याची परीक्षा कशाला?

मा. संपादक,
स. न.

कालच्या आरोग्य पुरवणीतला फुफ्फुसे बळकट करण्याविषयीचा लेख वाचला आणि राहवले नाही. विषय निवडलात त्याबद्दल आभार. पण न्यूमोनियातून नुकत्याच उठलेल्या माणसाला ‘श्वास रोखण्याचा वेळ रोज वाढवत न्या, तीस सेकंद जमले की फुफ्फुसे ठणठणीत समजा’ असे सांगणे साफ चूक आहे. दहा सेकंद श्वास रोखता आला म्हणजे कोरोना किंवा फुफ्फुसाचा दुसरा आजार नाही असे समजू नका, हे जागतिक आरोग्य संघटनेने २०२० सालीच सांगितले होते. चार पायऱ्या चढल्यावर ज्याला धाप लागते तो माणूस असली परीक्षा देणार, नापास होणार आणि खचणार.

खचणे म्हणजे काय ते मी घरात पाहिले आहे. माझ्या थोरल्या बहिणीला न्यूमोनियानंतर घरी सोडताना रुग्णालयाने औषधांच्या पिशवीत तीन बॉलचे स्पायरोमीटर, म्हणजे श्वसनाच्या व्यायामाचे नळीवाले यंत्र, टाकून दिले. डिस्चार्जच्या कागदावर एकच ओळ : ‘श्वसनाचे व्यायाम करणे.’ कसे करायचे, किती वेळा, कधी थांबायचे, काहीही नाही. विचारले तर ‘खोक्यात कागद आहे’ एवढेच उत्तर. आता नळी हातात आली की माणूस फुंकणारच. ताई गाल फुगवून, चेहरा लाल होईस्तोवर फुंकायची आणि बॉल तळाशी ढिम्म. ‘माझी फुफ्फुसं गेली गं कामातून,’ म्हणाली आणि ते यंत्र तिने कपाटात टाकले. घरातली उभी राहायला लागलेली बाई पुन्हा अंथरुणाला धरून बसली. पुढे फेरतपासणीच्या वेळी एक फिजिओथेरपिस्ट भेटल्या. त्यांनी तिला ताठ बसवले, आधी श्वास सोडायला लावला आणि म्हणाल्या, ‘फुंकायचं नाही ताई, ओढायचं. स्ट्रॉने ओढतो तसं, पण सावकाश.’ पहिला बॉल वर गेला तेव्हा ताई रडली. पाच मिनिटांचे हे काम डिस्चार्जच्या दिवशी कुणी केले नाही, याचा राग माझ्या मनातून अजून गेलेला नाही.

तुमच्या लेखाने नेमके हेच सांगायला हवे होते. त्या बॉलवर ६००, ९००, १२०० असे आकडे असतात. ते हवा किती वेगाने ओढली याचे आहेत. झटका देऊन तिन्ही बॉल उडवण्यापेक्षा एकच बॉल दोन-तीन सेकंद वर धरून ठेवणे जास्त कामाचे, कारण सावकाश, खोल श्वासानेच फुफ्फुसाचा तळ उघडतो. आखूड श्वासांवर भागवले की तो भाग मिटलेला राहतो आणि तिथे कफ साचतो. शिवाय दर श्वासानंतर जरा थांबायचे. लागोपाठ केले की चक्कर येते.

श्वास सोडण्याबद्दल तर लेखात अक्षरही नाही! धाप लागलेल्याला सगळ्यात आधी उपयोगी पडते ते हेच : नाकाने दोन अंक मोजत श्वास घ्यायचा आणि ओठांचा चंबू करून चार अंक मोजत सोडायचा. टेबलावर उशी ठेवून, पुढे वाकून, डोके आणि हात तिच्यावर टेकून बसले की आणखी बरे वाटते. आणि छातीत दुखले, घेरी आली किंवा धाप विश्रांतीनंतरही ओसरेना, तर व्यायाम बंद करून डॉक्टरांना गाठायचे, ही चौकट त्या लेखात सर्वांत ठळक हवी होती.

ठळकवरून आठवले. पुरवणीची ती फिकट निळ्या पार्श्वभूमीवरची राखाडी, बारीक अक्षरे साठीपुढच्या वाचकांनी वाचायची कशी? आरोग्याचे पान जास्त करून तेच वाचतात. यापूर्वीही कळवले होते, उत्तर आले नाही.

पुढच्या आठवड्यात त्याच जागी, त्याच आकारात, फिजिओथेरपिस्टने लिहिलेली दुरुस्ती छापावी. आणि काळ्या शाईत छापावी.

आपली,
एक जुनी वाचक