संमती तिची, सही नवऱ्याची

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

गर्भपातासाठी आलेल्या बाईला ‘आधी नवऱ्याला घेऊन या’ असे सांगण्याची पद्धत आपल्याकडे इतकी रुळली आहे, की तसा कायदाच असावा अशी सर्वांची समजूत झाली आहे. वास्तविक १९७१च्या वैद्यकीय गर्भपात कायद्यानुसार सज्ञान आणि मानसिकदृष्ट्या सक्षम स्त्रीची स्वतःची लेखी संमती पुरते. त्यासाठी ठरवून दिलेल्या ‘फॉर्म सी’वर नवऱ्याच्या सहीला जागाच नाही.

गेल्या महिन्यात शेजारच्या एका तरुण मुलीबरोबर मी तालुक्याच्या गावी एका खासगी रुग्णालयात गेले होते. पदरात दोन मुले, त्यातले धाकटे अकरा महिन्यांचे आणि अजून अंगावर पिणारे; दिवस गेल्याला आठवा आठवडा संपत आलेला. काउंटरवर तिच्यापुढे सरकवलेल्या कागदावर तिच्या सहीखाली निळ्या पेनाने ‘पतीची सही’ असे लिहून रेघ ओढलेली होती. नवरा ट्रक घेऊन कोलकात्याच्या वाटेवर. त्याने फोनवर होकार दिला, पण तो कुणी ग्राह्य धरला नाही. तो परतेपर्यंत दहा दिवस गेले, नऊ आठवडे उलटले आणि जे गोळ्यांवर भागले असते त्यासाठी तिला भूल घेऊन पिशवी साफ करून घ्यावी लागली. इथे नवऱ्याचा विरोध नव्हता, हे मुद्दाम नमूद करते. जिच्या घरी विरोध आहे, तिने कोणाची सही आणायची?

नातेवाईक नंतर येऊन गोंधळ घालतील ही डॉक्टरांची भीती खोटी नाही. पण त्या भीतीची किंमत बाईने आपल्या शरीराने का मोजावी? सर्वोच्च न्यायालयाने २९ सप्टेंबर २०२२ रोजी अविवाहित स्त्रियांनाही २४ आठवड्यांपर्यंतच्या तरतुदीचा लाभ देणारा निकाल दिला, त्यातच कुटुंबीयांच्या संमतीसारख्या कायद्याबाहेरच्या अटी डॉक्टरांनी घालू नयेत, असे स्पष्ट म्हटले आहे. हा खुलासा काउंटरपर्यंत अजून पोहोचलेला नाही.

आरोग्य विभागाने प्रत्येक मान्यताप्राप्त गर्भपात केंद्रात, पैसे भरण्याच्या खिडकीजवळच, ‘गर्भपातासाठी पतीच्या सहीची गरज नाही’ असा ठळक मराठी फलक लावणे सक्तीचे करावे आणि केंद्रांच्या तपासणीत तिथे प्रत्यक्ष भरून घेतली जाणारी संमतिपत्रेही पाहावीत, अशी माझी विनंती आहे.

आपली नम्र,
एक वाचक, जि. सातारा