चोपड्या धरलेले दोन हात

सांगली, रविवार

प्रिय दिग्या,

सप्रेम नमस्कार. वर्षभर पत्र नाही, याबद्दल जे बोलायचे ते भेटलास की बोल. माझी शुगर ताब्यात आहे आणि आईचा गुडघा आहे तसाच आहे.

तुझी २००५ च्या पुराची हाय-एट टेप सापडली. कडेची बुरशी पुसून, उसन्या कॅमेऱ्यावर चालवून ती संगणकात उतरवली. २०१९ च्या महापुरावर मी जो माहितीपट जोडतो आहे, त्याच्या निर्मात्यांना तुझा मारुती चौकातला शॉट इतका आवडला, की तो २०१९ चा म्हणूनच घालायचे त्यांनी ठरवले. कोपऱ्यात उमटलेली तारीख तेवढी आड येत होती. ती बंद कर म्हणून छातीभर पाण्यात मी तुझ्याशी भांडलो होतो, आणि ‘असू दे, कामाला येईल’ म्हणून तू हटला नव्हतास.

तुझी चौकट ४:३ ची (रुंदी चार तर उंची तीन), आमची १६:९ ची. रुंदी भरायची तर उंचीचा पाव भाग जातो. आडवे ताणले तर शॉटमधले अण्णा पहिलवान दिसतात (त्यांना आवडले असते), पण तारीख राहते. म्हणून बुधवारी रात्री मी खालून कापले. तारीख गेली आणि तिच्याशेजारचे अण्णाही गेले. उरले ते दुकानाच्या चोपड्या वर धरलेले दोन हात, आणि त्यांखाली ‘ऑगस्ट २०१९’ ही पट्टी. अण्णांना जाऊन तेव्हा आठ वर्षे झाली होती, दिग्या.

कृष्णेवरच्या आयर्विन पुलाशी २००५ ला पाणी ५३ फुटांवर गेले होते आणि २०१९ ला ५७ च्याही वर. चौकातला कोणीही दुकानदार पाटीखालचे पाणी पाहून वर्ष ओळखेल. हे मी सांगितले, तर ‘पाणी ते पाणीच’ असे उत्तर मिळाले. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या सोडून, २००५ लिहून, अख्खा शॉट दाखवू म्हटले, तर तो जुना दिसेल म्हणाले. जुनाच आहे ना तो! पण इतके ऐकूनही कापणारा मीच.

नव्या घराबद्दल अभिनंदन. वहिनींना नमस्कार, चिमीला दहावीसाठी शुभेच्छा.

गुरुवारी अंतिम प्रत जायची आहे. शॉट वापरायच्या परवानगीवर सही तुझी लागते, आणि तो कागद मी मुद्दामच अजून पाठवलेला नाही. त्याआधी फोन कर. दुपारी नको, आई झोपते.

तुझा,
सुन्या