स्वेच्छा अवसायन : न्यायाधिकरणाच्या आदेशापर्यंत कंपनी जिवंतच

महोदय,

मराठी दैनिकांच्या आतल्या पानांवर, जमिनीच्या आणि बँकांच्या ताबा नोटिशींच्या गर्दीत, ‘अमुक प्रायव्हेट लिमिटेड, स्वेच्छा अवसायनात’ अशी एक चौकट अधूनमधून असते. म्हणजे भागधारकांनी स्वतःहून ठराव करून ती कंपनी गुंडाळायला घेतलेली असते. हे काम पाहायला नेमलेल्या लिक्विडेटरने नेमणुकीपासून ५ दिवसांत ती एका इंग्रजी आणि एका प्रादेशिक भाषेतल्या दैनिकात द्यावी, असा नियम आहे. ज्याचे पैसे त्या कंपनीकडे अडकलेत, त्याने त्यातली दाव्यांची शेवटची तारीख आधी पाहावी. दाव्यांची ३० दिवसांची मुदत भागधारकांच्या ठरावापासून मोजली जाते, नोटीस छापल्यापासून नाही. नोटीस पाचव्या दिवशी आली तर हातात उरतात २५ दिवस. दावा नाकारला गेला, तर तो निर्णय मिळाल्यापासून १४ दिवसांत राष्ट्रीय कंपनी विधी न्यायाधिकरणाकडे, म्हणजे एनसीएलटीकडे, अपील करता येते.

संचालकांचा गैरसमज वेगळाच असतो. ठराव झाला, लिक्विडेटर आला, आता कंपनी संपली, असे ते धरून चालतात. नादारी व दिवाळखोरी संहिता, २०१६ चे कलम ५९ वाचले तर लक्षात येते की कंपनी विसर्जित होते ती एनसीएलटीच्या आदेशाच्या तारखेपासून. तोवर ती कायद्याच्या नजरेत अस्तित्वात असते, आणि प्राप्तिकराचे विवरणपत्रही भरावे लागते.

विसर्जनासाठी एनसीएलटीकडे केलेला अर्ज रेंगाळतो तो बहुतेकदा सुरुवातीच्या कागदांमुळे. बहुसंख्य संचालकांनी प्रतिज्ञापत्रावर घोषणा करायची असते : कंपनीवर कर्ज नाही, किंवा मालमत्ता विकून सगळी देणी पूर्ण फेडता येतील, आणि कोणाला फसवण्यासाठी हे अवसायन नाही. सोबत मागच्या दोन वर्षांची लेखापरीक्षित हिशेबपत्रके आणि मालमत्ता असल्यास नोंदणीकृत मूल्यांककाचा अहवाल. त्यानंतर चार आठवड्यांच्या आत भागधारकांचा विशेष ठराव. देणी असतील तर ठरावापासून ७ दिवसांत, कर्जाच्या रकमेच्या दोन-तृतीयांश मूल्याच्या धनकोंची मंजुरी.

गोम इथेच आहे. घोषणेत ‘कर्ज नाही’ असे छापील वाक्य असते आणि ताळेबंदात लेखापरीक्षकांची फी किंवा कार्यालयाचे भाडे देणे म्हणून उभे असते. रक्कम किरकोळ असली तरी ते देणेच. मग धनकोंची मंजुरी का घेतली नाही, हा प्रश्न शेवटच्या सुनावणीत विचारला जातो आणि तेव्हा मागची तारीख टाकून ती मिळवता येत नाही. ठरावाआधी अशी देणी चुकती करून ताळेबंद साफ करावा, किंवा सरळ मंजुरी घ्यावी. तिसरा मार्ग नाही.

बँक खात्याचेही तसेच. खाते कंपनीच्या नावापुढे ‘स्वेच्छा अवसायनात’ हे शब्द जोडून उघडायचे असते आणि ५,००० रुपयांवरची रक्कम धनादेशाने किंवा ऑनलाइनच द्यायची असते. अनेक लिक्विडेटर पैसे वाटले की घाईने खाते बंद करतात. काही महिन्यांनी प्राप्तिकराचा परतावा मंजूर होतो आणि तो जमा करायला खातेच नसते. म्हणून टीडीएसचा परतावा, वस्तू व सेवा कराची शिल्लक, भाड्याची अनामत, विजेची अनामत ही चारही येणी वसूल झाल्याखेरीज खात्याला हात लावू नये. वाटपाविना राहिलेली रक्कम मात्र विसर्जनाचा अर्ज करण्यापूर्वी ‘कॉर्पोरेट व्हॉलंटरी लिक्विडेशन अकाउंट’ या त्यासाठीच्या सरकारी खात्यात भरावीच लागते.

प्राप्तिकर खात्याच्या ‘ना हरकत’ दाखल्यासाठी फायली महिनोन्‌महिने पडून राहत. या प्रक्रियेचे नियम करणाऱ्या भारतीय नादारी व दिवाळखोरी मंडळाने १५ नोव्हेंबर २०२१ च्या परिपत्रकाने असा दाखला आवश्यक नसल्याचे स्पष्ट केले. तरीही लिक्विडेटरने आपली नेमणूक प्राप्तिकर खात्याला लेखी कळवून त्याची पोच अर्जाला जोडलेली बरी. खात्याला कळवले होते का, हे विचारले गेले तर उत्तर तयार असते.

२०२२ च्या दुरुस्तीनंतर देणी नसलेल्या कंपनीचे अवसायन ९० दिवसांत आणि धनकोंची मंजुरी लागलेल्या कंपनीचे २७० दिवसांत उरकावे, असे नियम म्हणतो. ही मुदत लिक्विडेटरच्या अंतिम अहवालापर्यंतची आहे. पुढे अर्ज, त्यातल्या त्रुटी आणि सुनावणीच्या तारखा यात जाणारा वेळ तिच्यात धरलेला नाही. भागधारकांना ‘तीन महिन्यांत मोकळे’ असे आश्वासन देणारा सल्लागार अर्धेच सांगतो.

इतका खटाटोप करण्यापेक्षा कंपनी निबंधकाकडे अर्ज देऊन त्याच्या नोंदवहीतून कंपनीचे नाव वगळून घ्यावे, असे अनेकांना वाटते. वर्षानुवर्षे व्यवहार नसलेल्या रिकाम्या कंपनीला ते पुरते आणि स्वस्तही पडते. पण वगळलेले नाव पुन्हा नोंदवून घेण्यासाठी भागधारक, धनको किंवा कामगार राजपत्रातील प्रसिद्धीपासून २० वर्षांपर्यंत एनसीएलटीत जाऊ शकतात. ज्या कंपनीकडे वाटण्याजोगी मालमत्ता आहे, तिने आमच्या मते कलम ५९ चाच मार्ग धरावा.

आदेश झाल्यावरही एक काम उरते. त्याची प्रत १४ दिवसांत कंपनी निबंधकाकडे पाठवायची असते आणि हे दिवस आदेशाच्या तारखेपासून मोजले जातात. प्रमाणित प्रत मिळायला वेळ लागतो, म्हणून तिच्यासाठीचा अर्ज आदेशाच्या दिवशीच करावा. निबंधकाच्या पोर्टलवर कंपनीची स्थिती बदललेली दिसेपर्यंत पाठपुरावा सोडू नये. नाहीतर वार्षिक विवरणपत्रे न भरल्याच्या नोटिसा संचालकांच्या नावे निघू शकतात.

आपले,
कंपनी कायद्याचे काम पाहणारे काही वाचक