एका हाताचा पीट ग्रे

संपादक महोदय,

बेसबॉल आपल्याकडे फारसं कुणी पाहत नाही, तरी पीट ग्रे हे नाव वाचकांना कळावं असं मनापासून वाटतं. पेनसिल्व्हेनियाच्या खाणपट्ट्यातल्या या पोराचा उजवा हात लहानपणीच गेला. पण १९४५ मध्ये तो सेंट लुईस ब्राउन्स या अमेरिकेतल्या अव्वल लीगच्या संघाकडून ७७ सामने खेळला! चेंडू झेलला की ग्लोव्ह झटकन उजव्या थोट्या हाताखाली दाबायचा, चेंडू छातीवरून घरंगळवत डाव्या हातात घ्यायचा आणि फेकायचा. दुसरं महायुद्ध संपलं, सैन्यात गेलेले मोठे खेळाडू परतले आणि त्याची जागा गेली. त्याच्या फलंदाजीच्या .२१८ या कमी सरासरीवर बोट ठेवणाऱ्यांनी आदल्या वर्षी मेम्फिस या खालच्या लीगमधल्या संघाकडून त्याने चोरलेले, म्हणजे फटका नसताना धावत गाठलेले, ६८ बेसही मोजावेत. हातपाय गमावलेल्या सैनिकांना तो इस्पितळात जाऊन भेटत असे.

– एक वाचक, सांगली