निर्यात करारातील वादाचे कलम

मा. संपादक,

सोलापुरातून टॉवेल परदेशी जातात, पण वाद कुठे चालणार हे कलम अनेकदा न वाचताच सही होते. बिलावर ‘सोलापूर न्यायालयाच्या अधिकारकक्षेत’ छापून भागत नाही. इथला हुकूमनामा, म्हणजे न्यायालयाचा निकाल, अमेरिकेत थेट बजावता येत नाही, तिथे मान्यतेसाठी वेगळा दावा लावावा लागतो. लवादाच्या, म्हणजे दोन्ही पक्षांनी करारातून मान्य केलेल्या खासगी पंचाच्या, निवाड्याला मात्र १९५८च्या न्यूयॉर्क करारामुळे दीडशेहून अधिक देशांत बजावणीची वाट आहे. म्हणून ‘लवादाची सीट मुंबई’ असे स्पष्ट लिहा; सीट म्हणजे लवादाचे कायदेशीर ठिकाण, तिथल्याच न्यायालयांची देखरेख त्यावर राहते. सुनावणीच्या जागेपुरते नुसते ‘बैठक मुंबईत’ लिहिले, तर देखरेख कोणत्या देशाच्या न्यायालयाची, यावरच वर्षे जातात.

ब्रिटन किंवा अमिरातीतील वरिष्ठ न्यायालयाचा पैशाचा हुकूमनामा मात्र दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ४४अ नुसार थेट आपल्या जिल्हा न्यायालयात बजावणीला येऊ शकतो. तिथली नोटीस आली, की लगेच वकील गाठा.

– एक वाचक, सोलापूर