हप्ता बसतो, पण किती वर्षं?

चि. बाळास,
आईचे अनेक आशीर्वाद.

परवा रात्री फोनवर तू म्हणालास, "आई, हप्ता बसतोय." आवाजात इतका आनंद होता की मी नुसतं "छान" म्हटलं आणि फोन बाबांकडे दिला. पण ते दोन शब्द तेव्हापासून डोक्यातून जात नाहीत. बावीस वर्षांपूर्वी हेच दोन शब्द मी तुझ्या आजीला ऐकवले होते, अगदी याच सुरात.

नव्या घरासाठी तू जे कर्ज घेणार आहेस, त्याच्या परतफेडीचा तू पाठवलेला तक्ता मी छापून आणला. ३६० ओळी. पेन्सिल घेऊन बसले तशी बाबा म्हणाले, "झालं, आता बँकेचं काही खरं नाही." बँकेला काय होतंय! तिचा हिशोब चोख असतो. आपण आपला करत नाही, ही खरी गोम आहे.

तुझे आकडे पत्रात लिहीत नाही. सोपं जावं म्हणून कर्ज १,००,००० आणि व्याज वर्षाला ८ टक्के धरते. तुझं कर्ज याच्या जितक्या पट असेल, तितक्या पटीनं पुढचे सगळे आकडे वाढव.

वीस वर्षांच्या मुदतीला महिन्याचा हप्ता येतो ८३६. असे २४० हप्ते मिळून २,००,७४६. म्हणजे एक घ्यायचा आणि दोन फेडायचे. तू म्हणशील, व्याज लागणारच, त्यात नवल काय? नवल ते कधी लागतं यात आहे. पहिल्या हप्त्यातले ६६७ व्याजात जातात, मुद्दल जेमतेम १७० नं हलतं. पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता भरलास, ५०,००० च्या वर रक्कम हातची गेली, तरी कर्ज शिल्लक ८७,५००. हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा होतो तो १३७व्या हप्त्याला. आणि निम्मं कर्ज फिटायला १६४ हप्ते लागतात, म्हणजे तेरा वर्षं आठ महिने. यात लबाडी कुणाचीच नाही. व्याज शिल्लक रकमेवर लागतं, सुरुवातीला शिल्लक डोंगराएवढी असते, म्हणून व्याजही तसंच. पण सात-आठ वर्षांनी घर विकायची वेळ आली तर "इतकी वर्षं भरतोय, बरंच फिटलं असेल" असं समजून बसू नकोस, म्हणून सांगितलं.

आता तुझ्या त्या कर्जवाल्या साहेबांची युक्ती. वीसऐवजी तीस वर्षं करा, म्हणाले ना? तसं केलं तर हप्ता ७३४ वर येतो. दरमहा शंभर वाचले, असं वाटतं. एकूण फेड मात्र २,६४,१५५ वर जाते. हप्ता १२ टक्क्यांनी उतरला आणि व्याज ६३ टक्क्यांनी चढलं.

आणि तू तर हप्ता उतरवतही नाहीयेस. तुला हप्ता तोच ठेवून एक खोली वाढवायची आहे. हे गणित मी दोनदा केलं, कारण पहिल्यांदा माझाच विश्वास बसेना. ८३६ चा हप्ता वीस वर्षं भरायची तयारी असेल तर कर्ज मिळतं १,००,०००. तोच हप्ता तीस वर्षं भरायची तयारी असेल तर मिळतं १,१४,०००. संपलं. आणखी १२० हप्ते, म्हणजे एक लाखावर रक्कम, आणि पदरात जास्तीचे पडतात १४,०००. मी तुझ्या तक्त्याच्या समासात घराचा छोटा नकाशा काढला, ती वाढीव खोली काढली आणि तिच्या दारावर १२० लिहिलं. रविवारी दाखवीन. खोली हवीच असेल तर घ्या, तुम्ही दोघं जाणते आहात. पण ती हप्त्यात फुकट बसत नाहीये, दहा वर्षांत बसतेय.

पंधरा वर्षं करून बघितलीस का? हप्ता ९५६, एकूण फेड १,७२,०००. म्हणजे महिन्याला १२० ची ओढाताण आणि शेवटी २८,७०० ची बचत. ही ओढाताण झेपणार नसेल तर वीस ठीक आहे. माझा राग फक्त त्या तीसवर आहे.

राग का, तेही सांगते. आमचं कर्ज बदलत्या दराचं होतं, तुम्ही फ्लोटिंग म्हणता तसलं. चौथ्या वर्षी बँकेचं पत्र आलं: व्याजदर वाढला आहे, आपल्या सोयीसाठी हप्त्याची रक्कम कायम ठेवण्यात आली आहे. वाचून मला बरं वाटलं. केवढी सोय! खाली बारीक अक्षरात "सुधारित मुदत" अशी ओळ होती, पुढे एक आकडा. मी पत्राला पंच मारला आणि फाइलला लावून टाकलं. पुढच्या दोन वर्षांत तशी आणखी दोन पत्रं आली, त्यांनाही पंच मारला. मग एकदा बाबांच्या निवृत्तीनंतरचं गणित मांडायला फाइल काढली आणि तिन्ही पत्रं शेजारी शेजारी ठेवली. शेवटचा हप्ता बाबांच्या निवृत्तीनंतर चार वर्षांनी पडत होता. सही केली तेव्हा तो निवृत्तीच्या आधी दोन वर्षं होता. घरातून एक पैसा जास्तीचा गेला नव्हता, म्हणून कुणाच्या लक्षातच आलं नाही.

आपल्या एका लाखावर हे करून बघ. दर पहिल्याच महिन्यात ८ वरून ९ झाला आणि हप्ता ८३६ च ठेवला, तर २४० चे ३०४ हप्ते होतात. एका टक्क्याला पाच वर्षं चार महिने. दर १० झाला तर पहिल्या महिन्याचं व्याजच ८३३ होतं, मुद्दलाला हप्त्यातले जेमतेम तीन उरतात, आणि कर्ज फिटायला पन्नासहून जास्त वर्षं लागतील. त्याच्याही वर दर गेला तर हप्ता व्याजालाही पुरत नाही, भरत राहायचं आणि कर्ज वाढत राहायचं. तोवर बँक हप्ता वाढवायला लावतेच, पण मधली वर्षं पाण्यात जातात ती जातातच. आणि दर एवढे हलत नाहीत, असं नको म्हणूस. अमेरिकेत तीस वर्षांच्या गृहकर्जाचा सरासरी दर १९८१ च्या ऑक्टोबरात १८ टक्क्यांच्या वर होता आणि २०२१ च्या जानेवारीत ३ टक्क्यांच्या खाली. कर्जाची मुदत हे एक आख्खं आयुष्य असतं रे, त्यात काय काय हलेल कोण सांगणार.

फाइल घेऊन मी बँकेत गेले तेव्हा खिडकीपलीकडच्या मुलीनं शांतपणे विचारलं, "मग हप्ता वाढवायचा का? अर्ज द्या." एका पानाचा अर्ज. तीन वर्षं तो कुणी मागितला नव्हता, म्हणून कुणी दिला नव्हता. तेव्हा तुझ्याकडे असं पत्र किंवा मेसेज आला की हप्त्याकडे बघू नकोस, शेवटच्या हप्त्याची तारीख बघ. माझ्या कपाटाच्या दाराला आतून ती तारीख चिकटवलेली होती, तुला आठवत असेल. तुला वाटायचं तो कुणाचा तरी वाढदिवस आहे.

त्यानंतर आम्ही दरवर्षी थोडं थोडं जास्तीचं भरायला लागलो. त्यातली गंमत मला फार उशिरा कळली, तुला आत्ताच सांगते. पहिल्या वर्षाच्या अखेरीस एकरकमी १०,००० भरलेस, हप्ता तोच ठेवलास, तर शेपटाकडचे सुमारे ४६ हप्ते गळून पडतात, म्हणजे जवळजवळ ३८,९००. तेच १०,००० पंधराव्या वर्षाच्या अखेरीस भरलेस तर गळतात सतरा हप्ते, १४,१०० च्या आसपास. रक्कम तीच, वेळ वेगळी. आमचे लोक नेमकं उलटं करतात, हात सैल झाला की भरू म्हणतात, आणि हात सैल होईपर्यंत व्याजाचा मोठा घास गेलेला असतो. एकरकमी नाही जमलं तर वर्षाला एक हप्ता जास्तीचा भर, बाराऐवजी तेरा. एवढ्यानंही वीस वर्षांचं कर्ज तीन वर्षांहून जास्त आधी फिटतं.

भरताना मात्र लेखी सांग की हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा. न सांगता भरलं तर काही ठिकाणी हप्ता कमी करतात आणि मुदत तशीच राहते. आणि मुदतीआधी भरण्यावर दंड आहे का, हे सही करायच्या आधी वाच. हेही ऐक: सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला असल्याशिवाय एक पैसा जास्तीचा भरू नकोस. घरात गेलेला पैसा गरजेला पटकन बाहेर येत नाही. क्रेडिट कार्डाची थकबाकी असेल तर आधी ती मिटव, ते व्याज याच्या कितीतरी वर असतं.

फुटकळ गोष्टी पटकन सांगते. कर्जाबरोबर विमा गळ्यात मारतील, "त्याचे पैसे आत्ता देऊ नका, कर्जातच मिळवतो" म्हणतील. २,००० चा विमा कर्जात मिळवला की वीस वर्षांत ४,०१५ ला पडतो, तीस वर्षांत ५,२८० ला. विमा हवाच, पण तो वेगळा घे, रोख भर. आणि पुढे कुणी कमी दराला कर्ज बदलून देतो म्हणाला तर जुन्या कर्जाची जेवढी वर्षं उरली असतील तेवढ्याच मुदतीचं नवं घे. आठ वर्षं फेडून झाल्यावर पुन्हा वीस वर्षांची पाटी कोरी केलीस तर दर अर्ध्या टक्क्यानं उतरूनही एकूण फेड वाढते.

हे सगळं बाबांना वाचून दाखवलं. ते म्हणाले, "पोराला घाबरवतेस. महागाईचं नाही लिहिलंस." तर लिहिते, कारण त्यांचं म्हणणं खोटं नाही. महागाई वर्षाला ५ टक्के धरली तर वीस वर्षांनंतरच्या ८३६ ला आजच्या ३१५ ची किंमत असते. आमचा पहिला हप्ता पगाराचा तिसरा हिस्सा खायचा. शेवटचा हप्ता कधी गेला ते खात्याचा उतारा बघून कळलं. दोन लाख फेडले म्हणजे आजचे दोन लाख गेले असं नव्हे. फक्त हे पगार वाढणाऱ्याचं गणित आहे, आणि पगार वाढेल असं बँक लिहून देत नाही. हप्ता मात्र तू लिहून देतोस.

आणखी एक, मग थांबते. वीस वर्षांनी कुणीतरी तुला म्हणेल, सव्वा लाखाचं घर अडीच लाखाला गेलं, दुप्पट झाले! तेव्हा हे आठव: पदरचे २५,०००, फेडीचे २,००,७४६, आणि देखभालीला वर्षाला किमतीच्या एक टक्का धरला तर आणखी २५,०००. बेरीज अडीच लाखाच्या वरच जाते. फायदा शून्य. मग मिळालं काय? वीस वर्षांचं भाडं वाचलं, आणि कुणी घर खाली करा म्हटलं नाही. ते थोडं नाही, माझ्या लेखी तर पुष्कळ आहे. पण त्याची तुलना भाड्याशी कर, शेजाऱ्याच्या दुपटीशी नको. तू आत्ता जे भाडं देतोस तो आकडा मला हवाय, फोनवर सांगायचा राहिला.

रविवारी येताना तक्त्याबरोबर कराराचा मसुदाही आण, सगळी पानं, बारीक अक्षरांची सुद्धा. साहेबांना आत्ताच हो म्हणू नकोस. वीस वर्षांचा आणि पंधरा वर्षांचा असे दोन तक्ते त्यांच्याकडूनच मागून घे. सूनबाईला म्हणावं तूही ये, खोलीचं ती काय म्हणते ते मला तिच्या तोंडून ऐकायचंय. बाबांनी चष्म्याचा नंबर बदलून घेतलाय, त्यामुळे बारीक अक्षरं ते वाचतील, मी पेन्सिल धरीन.

तुझी,
आई