कमिशन घेतात, मग आम्ही ग्राहक कसे नाही?

महोदय,

चिट फंडाच्या तक्रारी ग्राहक आयोगात चालतच नाहीत, त्यासाठी चिट फंडांवर देखरेख करणाऱ्या सरकारी निबंधकाकडेच जावं लागतं, असं तुमच्या कालच्या लेखात ठासून लिहिलंय. लेख वाचल्यापासून माझ्या जिवाला स्वस्थता नाही. कारण हेच वाक्य गेल्या महिन्यात माझ्या चिट फंड कंपनीच्या वकिलांनी माझ्या नोटिशीच्या उत्तरात लिहून पाठवलं होतं.

चिट म्हणजे सगळ्यांनी दरमहा सारखा हप्ता भरायचा, आणि जमलेल्या रकमेतले सगळ्यांत जास्त पैसे सोडायला जो तयार होईल त्याने ती त्या महिन्याला उचलायची. माझी चिट 1 लाखाची. 20 सभासद, 20 महिने, महिन्याला 5 हजार. घराच्या छपराचे नळे, म्हणजे कौलं, पावसाआधी बदलायचे होते म्हणून चौदाव्या महिन्यात मी लिलावात 12 हजार सोडले आणि 88 हजारांवर चिट माझ्या नावावर लागली. सोडलेल्या 12 हजारांतले 5 हजार फोरमनचं, म्हणजे चिट चालवणाऱ्या कंपनीचं, कमिशन, उरलेले 7 हजार सगळ्यांत वाटून प्रत्येकी 350 रुपये. हा हिशेब माझ्या पासबुकात त्यांच्याच कारकुनाच्या अक्षरात आहे. कमिशन त्याच दिवशी कापलं. पैसे द्यायची वेळ आली तेव्हा दोन जामीनदार आणा म्हणाले. माझा भाचा सरकारी नोकरीत, शेजारची बाई शिक्षिका. दोघांनी सह्या केल्या. मग म्हणे, एकाच्या पगारावर कर्ज आहे, दुसरा आणा. तोवर पाऊस आला. चवथीला आम्ही माटोळी (गणपतीवर टांगायची फळाफुलांची चौकट) बांधली ती ताडपत्रीखाली, आणि गणपतीच्या शेजारी बादली ठेवून. पुढचे हप्ते मात्र मी एकही चुकवला नाही. विसावा भरला त्या दिवशीसुद्धा हातात काही नव्हतं.

आता कायद्याचं. 1982 च्या चिट फंड कायद्याच्या कलम 64 मध्ये वाद निबंधकाकडे नेण्याची सोय आहे आणि दिवाणी न्यायालयाला मनाई आहे. हे मला मान्य. पण त्यात ग्राहक आयोगाचं नाव कुठे आहे? आणि 2019 च्या ग्राहक संरक्षण कायद्याचं कलम 100 स्पष्ट सांगतं की हा कायदा इतर कायद्यांच्या जोडीला आहे. तमिळनाडूतल्या सहकारी पतसंस्थेच्या सभासदांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2003 मध्ये हेच धरलं. सहकार कायद्यात वेगळी वाट असली तरी ग्राहक मंचाचं, म्हणजे आताच्या आयोगाचं, दार बंद होत नाही. मग चिटवाल्यांनाच वेगळा न्याय कशासाठी?

बाजारातल्या बायका आपसात भिशी लावतात तिथे कुणी कमिशन घेत नाही. तिथलं भांडण ग्राहक आयोगाचं नाही, हे मीही म्हणेन. पण इथे फोरमन पैसे घेऊन काम करतो. 2019 मध्येच संसदेने त्याच्या कमिशनची मर्यादा 5 वरून 7 टक्के केली. त्याच वर्षी नवा ग्राहक कायदाही झाला. दोन्हींपैकी एकात एक ओळ घालून हा प्रश्न संपवता आला असता, पण कुणाला सुचलं नाही.

ग्राहक आयोगात मला माझ्याच जिल्ह्यात तक्रार करता येते, 5 लाखांपर्यंत फी नाही, वकील लागतोच असं नाही. माझ्यासारख्या पेन्शनवरच्या बाईसाठी हे फार मोठं आहे. आणि तक्रारीची मुदत फक्त दोन वर्षांची. तुमचा लेख वाचून माझ्यासारखी दुसरी कुणी घरी बसून राहिली तर ती मुदत निघून जाईल, याचा विचार लिहिणाऱ्याने करायला हवा होता.

आणखी एक. ज्या अंकात हा लेख आहे त्याच अंकात, दोन पानं सोडून, 'दरमहा थोडी बचत, वेळेला मोठी रक्कम' अशी अर्ध्या पानाची जाहिरात आहे. खाली नोंदणी क्रमांक दिलेला नाही. मी भिंग लावून पाहिलं. छापण्याआधी तो मागून घेत जा, एवढी विनंती.

आपली,
एक निवृत्त शिक्षिका, डिचोली